राहिलेली दोन बेटं

"आदी पुसूची, मगे घालूची."

सरलावैनीच्या तोंडचं हे वाक्य आमच्या वाडीत इतकं रुळलं होतं की विहिरीवर कळशी बुडवतानाही बायका ते म्हणत आणि हसत. मूळ वाक्य कळशीचं नव्हतं, कॅसेटचं होतं. गाण्याची कॅसेट नव्हे. टीव्हीवर खेळायच्या गेमची, तळहाताएवढी, काळी, जाड कॅसेट. तिच्या पोटात एक खेळ असतो आणि तोंडाशी तांब्याच्या बारीक पट्ट्या असतात. ती यंत्राच्या खाचेत बसवली की खेळ टीव्हीवर उतरतो. पोरं घाईघाईनं तिच्या तोंडात फुंकर मारायला जात आणि सरलावैनी हात आडवा धरी. "फुकूची नाय. आदी पुसूची, मगे घालूची." मग पदराच्या आतल्या कोरड्या टोकानं ती कॅसेट पुसायची, उजेडाकडे धरून बघायची आणि हळूच दाबायची. बसल्याचा बारीक आवाज आला की तिच्या चेहऱ्यावर काहीतरी निवायचं.

कोकणातल्या आमच्या मिठबावात त्या वेळी टीव्ही बोटांवर मोजण्याइतके होते आणि गेमचं यंत्र एकच. तिच्या घरात आणि आमच्या घरात फक्त एक गडगा, चिऱ्यांचा, कमरेएवढा. त्यामुळे जे सांगतो आहे त्यातलं निम्मं मी डोळ्यांनी पाहिलेलं आहे, आणि उरलेलं सरलावैनीनं पुढे कधीतरी माझ्या बायकोला सांगितलेलं.

तिचा नवरा विश्राम बहारीनला एका कंपनीच्या गोदामात कामाला. लग्न ऐंशी सालचं. लग्नानंतर महिन्याभरात तो गेला आणि मग दर दोन वर्षांनी शिमग्याला चाळीस दिवस यायचा. ब्याऐंशी, चौऱ्याऐंशी, शहाऐंशी. मूलबाळ नव्हतं. घरात सासू आनंदीबाई, आणि दिवसातून दोनदा फेरी मारणारा विश्रामचा चुलतभाऊ, ज्याला सगळे भाई म्हणत. भाई हायस्कुलात क्लार्क. वाचणं-लिहिणं हे त्या घरात त्याचं खातं.

चाळीस दिवस म्हणजे किती, हे ज्याच्या घरचं माणूस परमुलखात आहे त्यालाच कळतं. पहिले आठ दिवस पाहुण्यांचे. मग देवदर्शनं, मग कुणाचं लग्न, मग काजूच्या बागेचं कुंपण. नवरा-बायकोनं चारचौघांत शेजारी बसण्याची आमच्याकडे रीत नाही. तो लोट्यावर, म्हणजे ओसरीवर, भाईशी बोलत बसणार, ती चुलीपाशी. ती पाणी द्यायला आली तर तांब्या खाली ठेवणार, तो उचलून घेणार. बोट बोटाला लागू नये इतकी ती रीत दोघांच्या अंगात मुरलेली. सहा वर्षं झाली तरी दोघांना एकमेकांशी काय बोलावं ते उमगत नव्हतं. भांडण नव्हतं, राग नव्हता. नुसती ओळख व्हायची राहून गेली होती.

शहाऐंशीच्या शिमग्याला विश्रामनं पेटी उघडली आणि कपड्यांच्या घड्यांमधून ते यंत्र काढलं. वहीएवढं, पुढच्या बाजूला लाकडासारखी पट्टी. सहा कॅसेट. आणि लांब वायरींना जोडलेल्या दोन काठ्या, बुंध्याशी एकेक लाल बटण. टीव्ही त्यानं आधीच्या खेपेला आणला होता. माडाला बांधलेल्या बांबूवर एवढा मोठा अँटेना लावूनही त्यात बहुतेक वेळ मुंग्याच दिसत. विश्रामनं टीव्हीमागचे दोन स्क्रू सुरीच्या टोकानं सैल केले, अँटेनाची वायर काढून एक छोटी डबी जोडली, डबीवरचा खटका खाली ओढला आणि टीव्हीची चकती हळूहळू फिरवत राहिला. मुंग्या, मुंग्या, आणि एकदम काळंशार पाणी. पाण्यात एक होडी.

ज्या जागी चित्र स्थिर झालं तिथे चकतीवर सरलावैनीनं करंगळीनं कुंकवाचा टिपका लावला, म्हणजे पुन्हा शोधायला नको. विश्रामनं वळून तिच्याकडे बघितलं. "बरा केलंस," म्हणाला. माझ्या माहितीत त्यानं तिची चारचौघांत केलेली ही पहिली तारीफ.

होडीचा खेळ असा होता. समुद्रात रात्र आहे. एका काठीनं होडी चालते आणि दुसऱ्या काठीनं दिवा फिरतो. दिव्याचा उजेड पडेल तेवढंच दिसतं, बाकी अंधार. अंधारात खडक. नऊ बेटं ओलांडली की खेळ संपतो.

"दोन काठ्यो कित्याक?" आनंदीबाईंनी विचारलं.

"दोघांनी मिळान खेळूचा असता, आई."

"मगे भाई बसतलो."

भाई बसला. तीनदा होडी खडकावर घातली. "माका ह्या जमाचा नाय. माझी नजर कागदाची," म्हणून काठी ठेवून दिली. मग शेजारपाजारचे एकेक बसून बघितले. कुणी दिवा भलतीकडेच फिरवी, कुणी होडी सुटण्याआधीच हसत सुटे. विश्राम काही उठेना. भात थंड व्हायला लागला तशी आनंदीबाई वैतागून म्हणाल्या, "गो सरला, तू बस बघू तेच्यावांगडा. एकदाची ती बेटां संपवा नि जेवक चला."

सासूनंच सांगितलं म्हटल्यावर रीतही गप्प बसली. सरलावैनी पदर खोचून नवऱ्याच्या शेजारी बसली. हातभर अंतर ठेवून. तिनं दिवा घेतला.

"डावीकडे," विश्राम म्हणाला.

"हां."

"वायच फुडे."

"थंय खडक आसा. थांबा."

"दिसलो."

त्या एका संध्याकाळी त्यांचं जेवढं बोलणं झालं तेवढं सहा वर्षांत झालं नव्हतं. बाकीचे उठून गेले, पोरं कंटाळून गेली, आनंदीबाई माळ घेऊन बसल्या, आणि ती दोघं बोलत राहिली. डावीकडे, उजवीकडे, थांब, चल. ऐकणाऱ्याला त्यात काय कळणार. पण मी गडग्यापलीकडून ते बोल ऐकत असे आणि माझ्या बायकोला म्हणे, ऐक, दोघांचा संसार चाललाय.

मग रोज संध्याकाळी होडी. आज दोन बेटं, उद्या तीन, परवा पुन्हा पहिल्याच बेटावर आपटले. यंत्राला कालचं काही आठवत नसे. बटण बंद केलं की सगळं पुसलं, दुसऱ्या दिवशी पुन्हा पहिल्या बेटापासून. विश्राम जाण्याच्या आदल्या संध्याकाळी दोघं सातव्या बेटापर्यंत पोचली. आठवं दिसायला लागलं होतं. तेवढ्यात आनंदीबाईंनी हाक मारली, पेटी भरायची होती, सकाळची एसटी होती. विश्रामनं काठी खाली ठेवली.

"ऱ्हवलेली दोन फुडल्या खेपेक," तो म्हणाला आणि त्यानं बटण बंद केलं. जाता जाता तिला शिकवलं, कॅसेट कोरड्या फडक्यानं पुसायची, पाणी लावायचं नाही, फुंकायचं नाही.

यानंतर यंत्राची सगळी व्यवस्था सरलावैनीकडे आली. कॅसेटवरचे इंग्रजी कागद दमट हवेनं सुटले, तर तिनं जुन्या चोळ्यांच्या तुकड्यांच्या सहा पिशव्या शिवल्या. निळ्या पिशवीत विमान, तपकिरी पिशवीत विटांची भिंत, ठिपक्यांच्या पिशवीत साप, आणि अशाच आणखी दोन. हिरव्या, लग्नातल्या चोळीच्या तुकड्यात होडी. सगळ्या एका बिस्किटांच्या डब्यात, डब्यात भाजलेल्या तांदळाची पुरचुंडी, म्हणजे ओल धरणार नाही. पावसाळ्यात तो डबा चुलीवरच्या फळीवर, सुक्या सुंगटांच्या, म्हणजे कोलंबीच्या, शेजारी. आमच्या शेजारची सत्यवती म्हणायची, "वैनी, तुमचा विमान उडता तेव्हा सुंगटांचो वास येता." सरलावैनी म्हणायची, "येवंदे. गंजण्यापरास वास बरो."

पोरं शाळा सुटली की येत. ती सांगेल त्या ओळीनं बसत. खेळ बदलायचा तर आधी बटण बंद, मग कॅसेट काढायची, पुसायची, पिशवीत घालायची, मग दुसरी. पाचही खेळ ती लावून देई. होडी मात्र पोरांना नाही. "ती दोघांची आसा," एवढंच सांगे.

आता पत्रांचं सांगतो, कारण गोष्ट तिथेच आहे. विश्रामचं पत्र आईच्या नावानं येई आणि भाई ते लोट्यावर बसून मोठ्यानं वाची. सगळं घर ऐके, गडग्यापलीकडे आम्हीही. सरलावैनी सातवी पास. तिला वाचता येत होतं, पण नवऱ्याचं पत्र सुनेनं हातात घेणं बरं दिसत नाही. ती स्वयंपाकघराच्या दारात उभी राहून ऐके. उत्तरही तसंच. आनंदीबाई सांगणार, भाई लिहिणार, आणि शेवटी विचारणार, "सरला, तुझा काय?"

अशा पत्रात बायको नवऱ्याला काय सांगेल? आणि तो तरी काय लिहील? पण शहाऐंशीच्या पावसाळ्यात एका पत्राच्या शेवटी विश्रामनं लिहिलं, 'होडीची कॅसेट कशी आहे? दोन बेटे राहिली आहेत, लक्षात असावे.'

भाई वाचून हसला. "घरातल्या माणसांपरास ह्येका कॅसेटची काळजी."

दारात सरलावैनी लाल झाली होती. भाईनं उत्तर लिहायला घेतलं आणि विचारलं, तशी ती म्हणाली, "होडीची कॅसेट ठीक आहे म्हणून लिवा. रोज पुसून ठेवते. दुसरी काठी गुंडाळून ठेवली आहे."

"बास? घोवाक एवढाच?"

"एवढाच."

दीड-दोन महिन्यांनी एक पत्र, आणि प्रत्येक पत्राच्या तळाशी होडीची एक ओळ. 'होडीला वारा लागू देऊ नये.' 'होडी वाट बघते आहे.' 'इकडे समुद्र फार गरम, होडीची आठवण येते.' भाई वाची, आनंदीबाई ऐकत, वाडी ऐके, आणि कुणालाच काही ऐकू येत नसे. ज्याला ऐकू यायचं त्याला येई. एवढीशी ओळ दोघांनी सगळ्यांच्या देखत, सगळ्यांच्या कानांवरून न्यायची. सहा वर्षांत जे जमलं नाही ते कॅसेटच्या आडून जमायला लागलं होतं.

सत्त्याऐंशीचा पावसाळा जोराचा होता. खारा वारा चुलीवरच्या फळीपर्यंतही पोचला. श्रावणात एकदा डबा उघडला तर सगळ्या कॅसेटच्या पट्ट्यांवर हिरवट छटा. कोरड्या फडक्यानं जाईना. त्या दिवशी ती देवाची भांडी घासायला बसली होती. तांब्याची पळी, पंचपात्री, ताम्हन. आमच्याकडे तांब्याला सोलं लावतात, कढीत टाकायची तीच रातांब्याची आंबट सोलं, म्हणजे कोकमं. चोळलं की काळं ताम्हन कसं सकाळच्या सूर्यासारखं होतं. तिच्या बोटांना सोलाचं लाल पाणी होतं, समोर ताम्हन उजळलेलं होतं, आणि बाजूला तांब्याच्याच पट्ट्या हिरव्या पडलेल्या. तांबं ते तांबं, तिला वाटलं. सगळ्यांत लाडकी होती तीच तिनं आधी उचलली.

एकच सोल, दोनदा चोळलं. पट्ट्या अशा लखलखल्या की तिनं सासूला बोलावून दाखवल्या. ओल्या फडक्यानं पुसल्या, कोरड्यानं टिपल्या, उबेला ठेवल्या. दुसऱ्या दिवशी लावून बघितली, होडी आली. तिसऱ्या दिवशीही आली. आठवड्यानं हिरव्या पिशवीतून कॅसेट काढली तर पट्ट्या काळ्या, आणि दोन-तीन ठिकाणी तांबंच नाही, खालचा पुठ्ठा दिसतो आहे. यंत्रात घातली. टीव्हीवर आडव्या रेघा. काढली, पुसली, घातली. रेघा. बाकीच्या पाच कॅसेटना सोल लागलं नव्हतं, त्या हिरवट छटेसकट चालू होत्या.

त्याच आठवड्यात पत्र लिहायचा दिवस आला. भाई टाचणीनं पेनचं टोक साफ करत म्हणाला, "सरला, तुझा? होडी ठीक आहे, हाच मा?"

ती दारात उभी होती. खरं सांगायचं तर सगळ्या घरासमोर सांगावं लागणार. देवाच्या भांड्यांचं सोल लावून परमुलखातली वस्तू बिघडवली, म्हणून भाई आठ दिवस हसणार. ते हसणं तिनं सोसलं असतं. पण तिकडे तो वाचणार, 'होडी बिघडली.' आणि एवढ्या ओळीचा तो काय अर्थ घेणार? दुसरं काही लिहिण्याची वाट नव्हती. जिच्यातून बोलायचं तीच वस्तू गेली तर बोलायचं कशातून?

"ठीक आहे म्हणून लिवा," ती म्हणाली.

श्रावणातही ठीक, दसऱ्यालाही ठीक. मग दिवाळीच्या सुमाराला त्याचं पत्र आलं. शिमग्याला येतो आहे. आणि तळाशी, 'आल्यावर पहिल्यांदा होडी.'

तिचं माहेर नांदगावच्या अलीकडे. आईला बरं नाही हे निमित्त करून ती कार्तिकात निघाली. माहेरी एक रात्र राहिली आणि सकाळी नांदगावच्या तिठ्यावरून एसटी धरून एकटी फोंडाघाटला गेली. घाटाच्या पायथ्याचा तो बाजार. कोल्हापूरकडून उतरलेले ट्रक, तापलेल्या ब्रेकचा वास, गुळाच्या ढेपा. तिथे गंगारामचं रेडिओ दुरुस्तीचं दुकान आहे असं तिला कुणीतरी सांगितलं होतं.

गंगाराम म्हातारा, जाड भिंगांचा चष्मा. त्यानं हिरव्या पिशवीतून कॅसेट काढून दिव्याखाली धरली.

"ह्या काय केलंस, गो बाय?"

"सोलां लावलंय."

तो हसला. बराच वेळ हसला. मग त्यानं वर बघितलं आणि त्याचं हसू थांबलं.

"ताम्हनाक सोल बरा," तो मऊ आवाजात म्हणाला. "ताम्हन जाड असता. ह्या तांबा म्हणजे दुधावरची साय. तू साय खरवडलंस."

"घोव शिमग्याक येतले."

"मगे?"

"ही लागाक व्हयी."

त्यानं कॅसेटचं पोट उघडलं, पट्ट्या घासल्या, तुटल्या होत्या तिथे केसासारखी तार टाकली आणि तापल्या सळईनं वरून कथिलाचा हात फिरवला. भांड्यांना कल्हई करतात तशी, मुंगीच्या वाटेएवढी. दुपार उलटली. ती बाकावर बसून होती.

"माझ्याकडे तुझा यंत्र नाय. लागतली की नाय ता घराक जाऊनच कळतला," तो म्हणाला. "आणि एक आयक. एकदा घातलंस की काढू नको. ही कल्हई एका खेपेची आसा. काढलंस तर कॅसेटीवांगडा सुटान येतली, मगे माझ्या बापाशीक पण जमाचा नाय."

घरी आल्यावर तिनं कॅसेट पुसली नाही. आयुष्यात पहिल्यांदा न पुसता घातली, फडक्यानंसुद्धा कल्हई उचलेल या भीतीनं. बटण दाबलं. काळं पाणी आलं, पाण्यात होडी. तिनं दिव्याची काठी जरा हलवली, उजेड सरकला, खडकाची कड दिसली. तेवढं बघून तिनं बटण बंद केलं. कॅसेट तशीच आत ठेवली.

दुसऱ्या दिवशी पोरं आली. "वैनी, विमान लाव."

"आज नाय."

"मगे साप?"

"काय नाय. मशीन बंद आसा."

विमान लावायचं तर होडी काढावी लागणार होती. पौष गेला. पोरं दारापर्यंत येत आणि परत जात. सत्यवती विहिरीवर म्हणाली, "वैनीच्या मशीनान उपास धरल्यान. घोव येतलो तेव्हा पारणा." बायका हसल्या. सरलावैनीही हसली आणि कळशी घेऊन चालू लागली. घरात आनंदीबाई कुरकुरत. "पोरां दारातसून मागे फिरतत, गो. लोक म्हणतले, म्हातारेच्या घराक मायाच नाय."

"आई, ते येयसर ऱ्हवांदे."

"तेका काय मशीनाची पूजा घालूची आसा?"

ती रोज संध्याकाळी यंत्रावरचं फडकं उचलून धूळ झटकायची आणि पुन्हा झाकायची. दोन्ही काठ्यांच्या वायरी तिनं सोडून, सरळ करून, यंत्राच्या दोन बाजूंना ठेवल्या होत्या. मध्ये हातभर अंतर.

माघात पत्र आलं. मी त्या वेळी गडग्यापाशी शेणी रचत होतो. भाई लोट्यावर बसला, चष्मा लावला आणि वाचू लागला.

'ती. आईस शि. सा. न. वि. वि. येथील सर्व क्षेम. कंपनीने आणखी एका वर्षाचे काम दिले आहे, तरी या शिमग्याला येणे होत नाही. पुढील वर्षी बघू. कुंपणाचे काम भाईने करून घ्यावे. तुझ्या गुडघ्यासाठी औषध पाठवीत आहे. गेमच्या कॅसेट पोरांना खेळायला द्याव्यात, पडून राहिल्या की खराब होतात. कळावे.'

"आणि?" आनंदीबाईंनी विचारलं.

"एवढाच."

भाईनं कागद उलटा करून बघितला. मागे कोरा होता. होडीची ओळ नव्हती.

सरलावैनी दारात होती. मी तिचा चेहरा बघितला नाही, बघवला नाही म्हणा. तिचे पाय तेवढे दिसत होते. ते बराच वेळ हलले नाहीत.

पोरांना वास लागतोच. दुपारी चार वाजता सगळी लोट्यावर. "वैनी, भाईकाका म्हणाले, पत्रात लिवलला आसा, आमका खेळांदे म्हणान." आनंदीबाईंनी आतून सांगितलं, "उगड गो मशीन. माझ्या झिलानच सांगल्यान आता."

तिनं फडकं काढलं. पोरं ओळीनं बसली. ती यंत्रापुढे बसली, आणि विमानाची पिशवी उचलायच्या आधी तिनं बटण दाबलं. काळं पाणी आलं. पोरांनी होडी पहिल्यांदाच बघितली, सगळी गप्प झाली. तिनं एक काठी उजव्या हातात घेतली, दुसरी डाव्या हातात. उजव्यानं होडी, डाव्यानं दिवा. होडी पुढे गेली की दिवा मागे राही, दिवा पुढे नेला की होडी थांबे. तरी तिनं पहिलं बेट ओलांडलं. दुसरं ओलांडलं. कुठलंसं पोर "वैनी, मी धरू काय एक?" म्हणालं, तिनं मान हलवून नको म्हटलं. तिसऱ्या बेटाच्या तोंडाशी दिवा भलत्याच बाजूला गेला आणि होडी अंधारात आपटली.

तिनं मग बटण बंद केलं आणि कॅसेट धरून ओढली. ती आली, आणि तिच्याबरोबर खाचेतून कथिलाचा बारीक चुरा आला, राखेसारखा. तिनं तो बोटानं टिपला, यंत्राची खाच पदरानं पुसली, विमान पुसून घातलं, आणि पोरांच्या हाती काठ्या दिल्या. त्या दिवशी आमच्या घरापर्यंत विमानांचा आवाज येत होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती पोस्टात जाऊन हवाई पत्राचा निळा कागद घेऊन आली. चुलीपाशी बसून, पाटावर कागद ठेवून, एकटीनं लिहिलं. काय लिहिलं ते फार पुढे माझ्या बायकोला कळलं. पत्र लांब नव्हतं. होडीची कॅसेट मी सोलं लावून बिघडवली. श्रावणापासून ठीक आहे म्हणून लिहीत होते, ते खोटं होतं. दुरुस्त केली होती, तुमच्यासाठी ठेवली होती, तुमचं पत्र आल्यावर काढली, आता ती लागणार नाही. कॅसेट ठीक नाही. मीही ठीक नाही. दोन्ही काठ्या एकट्या माणसाला धरता येत नाहीत, मी धरून बघितल्या. तुम्हाला यायचं असेल तर कॅसेटसाठी येऊ नका, माझ्यासाठी या, आणि नसेल यायचं तर तसं मला लिहा, माझ्या नावानं लिहा.

कागदाची घडी घालून ती लोट्यावर आली. भाई रोजच्या वेळेला आला होता. निळा कागद बघून त्यानं सवयीनं खिशातून चष्मा काढला आणि हात पुढे केला. "दी बघू. काय सुदारूचा आसात तर सुदारतंय."

"नको, भाई."

"आईंका वाचून दाखवूक व्हया मा?"

सरलावैनीनं सासूकडे बघितलं. "आई, ह्या वाचूचा नाय. ह्या माझा आसा."

कालच्या उरलेल्या शेणी रचायला मी गडग्यापाशीच होतो. माझ्या हातातली शेणी हातातच राहिली. आनंदीबाई सुपात तांदूळ घेऊन बसल्या होत्या. त्यांनी सुनेकडे बघितलं, कागदाकडे बघितलं. त्यांच्याही नवऱ्याची वीस वर्षं मुंबईच्या गोदीत गेली होती आणि त्याचीही पत्रं कुणीतरी लोट्यावर बसून मोठ्यानंच वाचली होती. हे मला त्या क्षणी आठवलं. त्यांना आठवलं की नाही, देव जाणे.

"भाई, चष्मो ठेव," त्या म्हणाल्या. मग उठल्या, गुडघ्यावर हात ठेवून, आत गेल्या आणि बोटांवर भाताची चार शितं घेऊन आल्या. "पोस्टाचो डिंक ह्या हवेत टिकणा नाय. शितां लाय, आणि नीट दाब."

सरलावैनीनं तिन्ही कडांना शितं चोळली, दाबली, हातानं सारखी केली. पायांत वहाणा घातल्या. दारापुढचं खळं, म्हणजे अंगण, ओलांडून ती पाणंदीला लागली, माडांच्या सावलीतून, पत्र पदराखाली न धरता उघडं हातात धरून. भाई चष्मा पुसत होता, त्यानं वर बघितलं नाही. आनंदीबाई खळ्याच्या कडेला येऊन उभ्या राहिल्या, कपाळाशी हात धरून, आणि सून वळणाआड जाईपर्यंत तशाच बघत राहिल्या.